सांजबाईचं वावर

त्या वर्षी आमच्या घरातल्या गाद्या गेल्या. चोरांनी नाही नेल्या, मोठेबाबांनीच उसवल्या. मोठेबाबा म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ, घराचे कर्ते. विलायतेच्याही पलीकडं कुठल्याशा मुलखात लढाई जुंपली होती म्हणे. तिथला कापूस निघेना, आणि आमच्या काळ्या मातीतल्या बोंडाला एकाएकी सोन्याचं मोल आलं. अमरावतीचे दलाल आजवर आमच्याशी नीट बोलतही नसत, ते आता आमच्या ओसरीवर बसून गूळपाणी मागायला लागले. मोठेबाबांनी घरात होता नव्हता तेवढा कापूस विकला. तो सरल्यावर त्यांची नजर गाद्यांवर गेली, मग उशांवर, मग बाळाच्या दुपट्यावर. माय चुलीपाशी बसली होती. ती माझ्याकडं बघून म्हणाली, "इचार त्याईले, पोरं कायच्यावर निजतीन?" मी ओसरीवर जाऊन तसंच्या तसं विचारलं. मोठेबाबा माझ्याकडं बघून म्हणाले, "सांग तिले, भुई काय कमी पडली काय?" दोघांमध्ये दहा पावलांचं अंतर नव्हतं. पण सुनेनं भासऱ्यापुढं, म्हणजे नवऱ्याच्या थोरल्या भावापुढं, तोंड उघडायचं नाही आणि पदरही वर करायचा नाही, अशी आमच्यात रीत होती. जे काय बोलायचं ते पोराच्या तोंडून. आमच्या घरात ते तोंड माझं होतं. मायला राग आला की तो मीच बोलून दाखवायचा, आणि मोठेबाबांची बोलणी मीच खायची. मी बोलायला धीट कशी झाले असं लोक विचारतात, त्याचं उत्तर हे.

आधीच सांगून टाकते, मी अक्षरं चाळिशीत शिकले, लेकाच्या पाटीवर, तो निजल्यावर. त्यामुळं माझी ओळ वाकडी जाते, आणि मी लिहिताना "मला" लिहिते पण बोलताना "मले"च म्हणते. ज्याला हे रांगडं वाटतं त्यानं वाचू नये. कोणतं साल होतं, कोणता वार होता, हेही मला विचारू नका. मला ठाऊक आहे ते एवढंच, की मी परकर नेसत होते, माझं लग्न ठरायचं होतं आणि आगगाडी अजून आमच्या मुलखात यायची होती.

आमचं गाव अमरावतीहून अकोल्याकडं जाणाऱ्या बंडीवाटेला लागून. दिवसभर कापसाच्या बंड्या जात, आणि एकामागून एक बैलांच्या घुंगरांचा आवाज असा चालायचा की तो थांबला तरच दचकायला व्हायचं. घरात रेचा कुरकुरत असे. रेचा म्हणजे कापसातून सरकी वेगळी काढायची दोन लाटांची चरकी. सारजाआत्या आणि माय समोरासमोर बसून तो फिरवत, एकीकडून कापूस निघे आणि दुसरीकडं सरकी पडे, आणि दोघींच्या केसांवर, भुवयांवर तंतू बसून त्या अवेळी म्हाताऱ्या दिसत. दुपारी ज्वारीची भाकर, अंबाडीची आंबट भाजी आणि वर जवसाच्या तेलाची धार. भाव वाढले म्हणून आमच्या ताटात काही वाढलं नाही, उलट तूर पेरायची जमीनही पऱ्हाटीखाली, म्हणजे कपाशीखाली, गेली, म्हणून वरण पातळ झालं. मोठेबाबांनी मात्र रेशमी काठाचा फेटा घेतला.

सारजाआत्या म्हणजे माझ्या वडिलांची धाकटी बहीण. तिला अकोल्याला, मोर्णा नदीपल्याड जुन्या शहरात दिली होती. नवरा लवकर गेला. सासरच्यांनी तिला काही वर्षं घरात ठेवून घेतलं, म्हणजे पाणी भरायला आणि दळायला ठेवलं, आणि एक दिवस ती आपलं बोचकं घेऊन स्वतःच बंडीत बसून माहेरी आली. पुन्हा पाट लावायची बोलणी दोनदा आली. दोन्ही वेळी तिनं पाहुण्यांना पोटभर कण्या खाऊ घातल्या आणि वाटेला लावलं. हसली की तिचं सगळं अंग हसायचं. माझा आजा म्हणायचा, या पोरीला कोणी वाकवू शकत नाही, आणि म्हणूनच मला तिचा घोर लागतो.

त्याच आज्यानं तिला ते वावर दिलं. शेवटच्या दुखण्यात तो खाटेवर पडला होता. मोठेबाबा आणि माझे वडील बंड्या घेऊन अमरावतीला गेले होते. मी दाराआड उभी होते. आज्याच्या मुठीत काळी माती होती. त्यानं आत्याला जवळ बोलावलं, ओटी पसरायला लावली आणि ती माती तिच्या पदरात सोडली. "हे तुयी चोळीबांगडी," म्हणाला. लेकीला, एकट्या पडलेल्या बाईला, पोटापाण्यासाठी असं वावर द्यायची आमच्याकडं चाल आहे. ज्या वावरातली माती ओटीत पडली ते तिचं. कागद लागत नाही. आत्यानं ती माती तुळशीच्या बुडाशी घातली, आणि घरात कोणी हूं की चूं केलं नाही. कशाला करतील? ते सांजबाईचं वावर होतं. त्याला कधी नांगर लागला नव्हता.

आता सांजबाईचं सांगते. वैशाखात आमची काळी जमीन उन्हानं उलते. अशा भेगा पडतात की वासराचा पाय आत जावा. सगळ्याच वावरांत पडतात, पण त्या एका वावरात दिवस मावळला की भेगांच्या बुडाशी उजेड यायचा. आधी अगदी पुसट, ताकावरच्या निवळीसारखा. मग तो वर चढायचा, भेगांच्या काठापर्यंत यायचा आणि काठावरून सांडून घोट्याएवढा, गुडघ्याएवढा सगळ्या वावरात पसरायचा. त्याला वास नव्हता, ऊब नव्हती. त्यात उभं राहिलेल्याची सावली पडत नसे. घरोघरच्या भाकरी होईस्तोवर तो राहायचा आणि मग आल्या वाटेनं खाली उतरून जायचा. "सांजबाई आली" म्हणत बाया धुऱ्यावर, म्हणजे बांधावर, हळदकुंकू वाहायच्या आणि पाठ न फिरवता मागं सरायच्या. पुरुष म्हणायचे, इथं नांगर लावला तर बैल बसतात. एकटी सारजाआत्या धुऱ्यावर बसून त्या उजेडात पाय सोडायची, आणि मी तिच्या पाठीमागं उभी राहून बघायची. माझ्या नातवाचे मास्तर म्हणतात, जमिनीत काहीतरी कुजतं आणि त्याचा वायू निघतो. असेल. मी त्यांना म्हटलं, वैशाखात या, आपण दोघं बघू. ते अजून आले नाहीत.

कापसाचा भाव चढत गेला तशी मोठेबाबांची सांजबाईवरची भक्ती उतरत गेली. एका सकाळी ते ओसरीवरून म्हणाले, "सारजे, यंदा ते वावर वखरून घेतो. पऱ्हाटी लावतो."

आत्या रेच्यावरून उठली नाही. "लाव ना दादा. पन कापूस माया."

"तुया कावून?"

"वावर मायं हाये म्हनून."

"आन् बैल बसतात त्याचं काय?" हे मी विचारलं. माझ्या मनचं विचारलं, मायनं सांगितलं नव्हतं.

मोठेबाबा म्हणाले, "नारळ फोडला का सांजबाई राजी होते." मग आत्याकडं वळले. "बाबानं तुले त्या वावरात फकस्त हळदकुंकू वाहाले सांगतलं होतं. माती ओटीत घातली म्हनते तू, कोनं पाह्यलं?"

"म्या पाह्यलं!" मी म्हटलं.

"पोट्टीनं मधात बोलू नाई," ते म्हणाले. एवढ्यावर माझं बोलणं निकालात निघालं. माझे वडील खाली मान घालून दोरी वळत होते, ते वळतच राहिले. माय चुलीपाशी होती. तिच्या हातातली भाकर तव्यावर करपली तरी तिनं उलटली नाही.

प्रकरण पाटलाकडं गेलं. आमच्या गावात अशा भांडणाला एक तोड होती, तिला दिवा चालवणं म्हणत. ज्याच्या बोलण्यावर शंका त्यानं सांजबाईच्या उजेडात पेटता दिवा घेऊन शिरायचं, मधल्या बाभळीला फेरी घालायची आणि परत यायचं. दिवा तेवत राहिला तर खरा, विझला तर खोटा. एक आत्या सोडली तर दिव्याशिवाय त्या उजेडात कोणी पाय ठेवत नसे. पाटील म्हणाले, सारजाबाईनं दिवा चालवावा. विझला तर वावर घराचं, आणि तिनं अकोल्याला आपल्या सासरी परत जावं. हे दुसरं मोठेबाबांनी त्यांच्या कानात घातलं असणार. मला आठवतं, ते ऐकून आत्याच्या तोंडावरचं रक्त उतरलं. वावर गेलं असतं तर ती भांडली असती आणि हसली असती. पण पुन्हा मोर्णेचं पाणी डोक्यावरून वाहायचं, पुन्हा ते जातं! मी मायला विचारलं, "आत्याले धाडतीन काय वं?" मायनं फणी घेतली. तिनं माझे केस इतके ओढून विंचरले की माझ्या डोळ्यांत पाणी आलं.

त्या संध्याकाळी सगळं गाव धुऱ्यावर जमलं. पोरं बंडीवर चढली होती. पिंजाऱ्याची बायको बानूबी आमच्याजवळ उभी होती. घरोघरच्या गाद्या उसवल्यापासून तिच्या नवऱ्याची कापूस पिंजायची धुनकी खुंटीला टांगली होती, आणि ती मोठेबाबांवर तशीच चिडून होती. "जिसका खेत उसका खेत," ती म्हणाली, "इसमें बत्तीचं काय काम हाये?" सांजबाई आली. भेगा उजळल्या, उजेड काठावर आला आणि पसरला. पाटलानं मातीचा दिवा पेटवून आत्याच्या तळहातावर ठेवला. ती उजेडात उतरली. झपाझप नाही, सावकाश नाही, विहिरीवर जावं तशी चालली. बाभळीला फेरी घातली. दिवा तेवत होता. परत निघाली. धुरा अगदी हाताशी आला आणि दिवा विझला. वारा सुटला होता असं लिहायला मला आवडलं असतं, पण वारा नव्हता.

"इझला!" पहिला आवाज मोठेबाबांचा.

"झालं मंग," पाटील म्हणाले. "सारजाबाई, ये बाहेर."

आत्या बाहेर आली नाही. तिनं हातातल्या दिव्याकडं बघितलं आणि तो खाली ठेवला. "इझला त इझला," ती म्हणाली. "तेल कमी अशीन, नाईत सांजबाईले आपल्या उजेडात दुसरा उजेड नको अशीन. मायाल्या बाबाचा शब्द इझला काय?"

"पिढ्यान्‌पिढ्याची रीत हाये, बाई."

"मांगच्या साली याच रीतीनं त्या धुरा सरकवनाऱ्याचा दिवा जळत राह्यला होता, पाटील. धुरा त्यानंच सरकवला होता, हे शेंबड्या पोराले ठाव होतं. तवा तुमी काहून नाई बोलले?"

जो धुरा सरकवणारा होता तोही तिथंच उभा होता, तो फेटा सारखा करायला लागला. मोठेबाबा ओरडले, "निंघ बाहेर! गावात तोंड दाखवाले जागा ठेवशीन का नाई?"

"नाई निंघत. ज्याले वावर पायजे त्यानं आत येऊन मले काढावं." आणि ती त्या उजेडात मांडी घालून बसली. उजेड तिच्या छातीपर्यंत आला. धुऱ्यावर एवढी दांडगी माणसं होती, पण एकाचाही पाय पुढं पडेना.

मी धावले. ठरवून नाही, अंगात काही शिरलंही नव्हतं. ती एकटी बसलेली मला बघवेना, एवढंच. मागून कोणीतरी माझा परकर धरला तो फाटला. मी उजेडात उडी घेतली तेव्हा मला वाटलं, आता मरते. काही झालं नाही. रांजणाच्या बुडाशी हात लावल्यावर वाटतं तेवढं गार वाटलं, बस्स. मी आत्याला बिलगून बसले. तिचं अंग थरथरत होतं. लांबून ते दिसत नव्हतं, आणि तिनं ते दिसू दिलं नाही.

मग माय आली. कपाळाखाली ओढलेला पदर, खाली मान, जशी ती रोज पाण्याला जायची तशी. पाटलापाशी थांबून तिनं दुसरा दिवा मागितला, म्हणजे नुसता हात पुढं केला. पाटलांनी भांबावून तो पेटवून दिला. ती उजेडात उतरली, आमच्यापाशी आली आणि गावाकडं तोंड करून उभी राहिली. तिनं पदर वर केला. मोठेबाबांनी त्या दिवसापर्यंत माझ्या मायचं तोंड पाहिलं नव्हतं. मग तिनं दिवा तोंडापाशी आणला आणि फुंकर मारून विझवला.

धुऱ्यावरच्या बाया "अवं माय!" म्हणून ओरडल्या. तोंडानं फुंकून दिवा विझवणं म्हणजे काय, हे आमच्यातल्या बाईला सांगावं लागत नाही. फुलानं मालवतात, पदराच्या वाऱ्यानं मालवतात. फुंकत नाहीत.

"घ्या," माय म्हणाली. "मायाबी इझला. म्याच इझवला. आता आयका. मामंजीनं माती मांगतली तवा या वावरातून ओंजळभर माती म्या आनली. या हातानं मामंजीच्या मुठीत देल्ली. त्याईनं सारजावन्सच्या ओटीत घातली. दिव्याले काय इचारता? मले इचारा."

तिचा आवाज घोगरा होता. एवढ्या वर्षांत तिनं तो एवढा मोठा कधी काढला नव्हता. मोठेबाबांनी सवयीनं माझ्याकडं बघितलं. "पोट्टे, सांग तुया मायले..."

"माय इथंच उभी हाये," मी म्हटलं. "तुमीच सांगा."

त्या बाईशी बोलायची मोठेबाबांना सवयच नव्हती. उजेड उतरून भेगांत गेला, अंधारून आलं, आणि पाटील निवाडा न देताच घरी गेले. तो आजतागायत दिलेला नाही. दुसऱ्या दिवशी मोठेबाबांनी आमची चूल वेगळी काढली. माझे वडील जन्मभर त्यांच्यापुढं ब्र न काढणारे. त्यांनी मायची खाट आणि भांडी स्वतः उचलून गोठ्याशेजारच्या खोलीत नेली आणि तिथं नवी चूल मांडून दिली. तेवढं त्यांनी केलं, आणि मी ते कधी विसरले नाही.

मोठेबाबांनी बैल दिले नाहीत, बियाणंही दिलं नाही. न देवोत! ढोरांसाठी ठेवलेली सरकी मायनं शेणामातीत चोळली. मृग लागायच्या आधी कोरड्या जमिनीत धूळपेर करायची, म्हणून आम्ही खुरपी घेऊन वावरात गेलो. आत्या, माय, बानूबी आणि मी. दिवसा माती तव्यासारखी तापायची, म्हणून सांजबाईच्या वेळी पेरलं. भेगांच्या कडेकडेनं उजेडाच्या रेघा पडलेल्याच होत्या, ओळी आखायचं कामच नव्हतं. बानूबी आत उतरायच्या आधी म्हणाली, "सांजबाई, मैं भी आती हूं, बुरा मत मानना," आणि सगळ्यात सरळ ओळ तिचीच आली. धुऱ्यावर लोक बघायला यायचे. आत्या त्यांना म्हणायची, "उगीच उभे कावून राहून राह्यले? या ना मदतीले." कोणी आलं नाही, पण हळूहळू बघायलाही येईनासे झाले.

पीक काही आगळंवेगळं आलं नाही, शेजारच्या वावरात आलं तसंच आलं. पहिल्या वेच्याच्या दिवशी आम्ही बायांनी वावरात दहीभाताचं सीतादही केलं, झाडांवर दह्याचे शिंतोडे उडवले आणि मग कापसाला हात लावला. दलाल घरी आला. आत्यानं त्याला गूळपाणी दिलं आणि पहिला वेचा विकायचा नाही म्हणून सांगितलं. तो भाव वाढवत गेला आणि ती मान हलवत राहिली. मग खुंटीवरची धुनकी खाली आली. बानूबीच्या नवऱ्यानं दिवसभर आमच्या अंगणात कापूस पिंजला, धुनकीचा आवाज सगळ्या गल्लीत गेला, ओसरीपर्यंत. आमची गादी भरली. त्या गादीवर मी, माय आणि आत्या आडव्या झालो, आणि माय हसायला लागली. काय झालं विचारलं तर सांगेना. पुढं ती लढाई संपली, भाव कोसळले, दलाल दिसेनासे झाले आणि मोठेबाबांचा फेटा विटला. ते भुईवर निजायचे, कारण उसवलेल्या गाद्या त्यांनी परत कधी भरल्याच नाहीत.

माझं लग्न तिवशाकडं झालं. आत्या थकली तेव्हा तिनं मला बोलावून घेतलं, माझी ओटी पसरायला लावली आणि त्या वावरातली माती त्यात घातली. मी तेव्हाच गावात राहायला आले. सांजबाई अजून येते, कधी दोन संध्याकाळी, कधी पाच. आता मोठेबाबांचा नातू उठला आहे. चांगला शिकलेला आहे, अमरावतीला वकिलाकडं बसतो. परवा ओसरीवर येऊन म्हणाला, "म्हातारे, त्या वावराचा तुयाजोळ पुरावा काय? गावचे लोक म्हनतात, तुया आत्याचा दिवा इझला होता." मी म्हटलं, बरोबर म्हणतात, इझला होता. तर आता त्यानं निरोप धाडला आहे, की या वैशाखात चार माणसं घेऊन येतो, जुन्या रीतीप्रमाणं दिवा चालवा. येऊ दे. तेल त्यानं आणावं, वात त्यानं आणावी, पेटवूनही त्यानंच द्यावा. मला दमा आहे, दोन पावलं चालले की धाप लागते. पण एका दिव्यापुरती फुंकर मी राखून ठेवली आहे.